नांगर, धूळ आणि कॅमेरा

१/ १४ एप्रिल १९३५. अमेरिकेच्या गवताळ मैदानांवर भर दुपारी काळोख दाटला. धुळीची अजस्र भिंत गावेच्या गावे गिळत पुढे सरकली. इतिहासात हा दिवस ‘काळा रविवार’ म्हणून नोंदला गेला. या धुळीची कुळकथा पडद्यावर मांडणाऱ्या पेअर लोरेंट्झविषयी आजचा हा थ्रेड.

२/ ही आपत्ती केवळ अवर्षणाची नव्हती. शतकानुशतके गवताच्या मुळांनी तिथली माती धरून ठेवली होती. पहिल्या महायुद्धात गव्हाचे भाव कडाडले, मागोमाग ट्रॅक्टर आले आणि लक्षावधी एकर गवत नांगराखाली गेले. १९३०च्या दशकात पावसाने पाठ फिरवली, तेव्हा उघडी पडलेली माती वाऱ्यावर स्वार झाली.

३/ लोरेंट्झ हा चित्रपट-समीक्षक. स्वतः एकही चित्रपट न केलेल्या या माणसावर रूझवेल्ट सरकारने माहितीपटाची जबाबदारी सोपवली. सरकार आपले स्पर्धक होईल या धास्तीने हॉलिवूडच्या स्टुडिओंनी त्याला जुनी दृश्ये नाकारली. अखेर दिग्दर्शक किंग व्हिडोर मदतीला धावला.

४/ मतभेद चमूतही होते. पॉल स्ट्रँड, लिओ हर्विट्झ या छायाचित्रकारांना दोष थेट भांडवली व्यवस्थेवर ठेवायचा होता. लोरेंट्झने मात्र भूमीलाच नायिका केले. व्हर्जिल थॉमसनने लोकगीतांच्या आणि स्तोत्रांच्या सुरांतून संगीत रचले.

५/ १९३६ मध्ये ‘द प्लाऊ दॅट ब्रोक द प्लेन्स’ तयार झाला; पण मोठ्या वितरकांनी दारे बंद केली. न्यूयॉर्कच्या रिआल्टो चित्रपटगृहाने धाडस केले, आणि पाठोपाठ देशभरातील स्वतंत्र चित्रपटगृहांत तो पोहोचला.

६/ दोषी कोण, हे शीर्षकातच होते: नांगर. मैदानी प्रांतांतील लोकप्रतिनिधी संतापले. आपला प्रदेश वाळवंट म्हणून जगापुढे मांडला, ही त्यांची तक्रार. १९३९ मध्ये माहितीपट वितरणातून मागे घेण्यात आला.

७/ आज तो पाहताना एक उणीव जाणवते. उद्ध्वस्त कुटुंबे पडद्यावर दिसतात, पण बोलत नाहीत. त्यांच्या वतीने निवेदकच बोलतो. नांगर येण्यापूर्वी याच भूमीवरून हुसकावलेल्या मूलनिवासींचा उल्लेख तर ओझरताच येतो.

८/ म्हणून इतिहासाच्या अभ्यासकाने हा माहितीपट दुहेरी साधन म्हणून वाचावा. मैदानांचे काय झाले, हे तो दाखवतो. आणि त्या विनाशाचा कोणता अर्थ सरकारला जनतेपुढे ठेवायचा होता, हेही. कोणताही माहितीपट पाहताना दोन नोंदी अवश्य कराव्यात: खर्च कोणी केला आणि बोलू कोणाला दिले.