‘संकलन’ या पाटीवरचं नाव : रेणू सलुजा

मंडळी, यवतमाळच्या टॉकीजमध्ये आपण सगळ्यांनीच सिनेमे पाहिलेत. पाट्या सुरू झाल्या की नट-नट्या, संगीतकार, दिग्दर्शक एवढी नावं आपण वाचतो. ‘संकलन’ ही पाटी येते तेव्हा आपण शेजाऱ्याशी बोलत असतो. आज त्या पाटीवरच्या एका नावाबद्दल बोलू या.

रेणू सलुजा यांचा जन्म १९५२ चा. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये, म्हणजे जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारात, त्यांना दिग्दर्शन शिकायचं होतं. तिथे प्रवेश मिळाला नाही, म्हणून त्या संकलनाकडे वळल्या. १९७६ साली शिकून बाहेर पडल्या. या पुरुषांच्या कामात तेव्हा बाई दिसणं दुर्मीळच होतं.

तेव्हा संकलन म्हणजे खरोखर हातकाम. ‘स्टीनबेक’ हे जर्मन बनावटीचं टेबल, त्याच्या आडव्या थाळ्यांवर रीळ फिरायचं. फिल्मच्या १ फुटात १६ चौकटी, आणि पडद्यावर सेकंदाला २४ चौकटी. दोन तासांचा सिनेमा म्हणजे जवळजवळ ११ हजार फूट, आणि चित्रित केलेलं त्याच्या कितीतरी पट. त्यातलं काय ठेवायचं आणि किती वेळ ठेवायचं, हे संकलकाने बघायचं.

ते टेबल ज्या देशातून आलं, त्या जर्मनीत त्याच सुमारास युलियाने लोरेन्झ ही तरुणी फासबिंडर या दिग्दर्शकाकडे काम करू लागली. टीव्हीसाठी केलेल्या ‘बर्लिन अलेक्झांडरप्लाट्झ’ या १९८० च्या १४ भागांच्या मालिकेचं संकलन तिने केलं. १९८२ साली फासबिंडर वारला. आजही तिचं नाव निघतं ते मुख्यतः त्याच्याच सोबत.

सलुजांचं तसं नाही. त्यांनी अनेक दिग्दर्शकांबरोबर काम केलं, म्हणून त्यांचा हात वेगळा ओळखता येतो. १९८३ हे एकच वर्ष घ्या. ‘जाने भी दो यारों’मध्ये महाभारताच्या नाटकात प्रेत घेऊन जो गोंधळ चालतो, त्यात कोण कुठे आहे हे आपल्याला क्षणभरही चुकत नाही. हसू येतं ते त्या नेमकेपणामुळे. त्याच वर्षीच्या ‘अर्धसत्य’मध्ये मात्र ओम पुरींच्या चेहऱ्यावरून नजर हलवायची घाई नाही. पुढे ‘परिंदा’त कबुतरांच्या फडफडाटात होणारा खून आठवा. तीन सिनेमे, तिघांची चाल वेगळी.

‘परिंदा’, ‘धारावी’, ‘सरदार’ आणि ‘गॉडमदर’ या चार चित्रपटांसाठी त्यांना संकलनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. ऑगस्ट २००० मध्ये कॅन्सरने त्या गेल्या. वय अवघं ४८.

आता आपल्याकडच्या सिनेमाच्या इतिहासाची पुस्तकं उघडा. ती बहुतेक दिग्दर्शकांची वंशावळ असतात. ‘अर्धसत्य’चा विषय निघाला की आपण अभिमानाने सांगतो : कथा पानवलकरांची, पटकथा तेंडुलकरांची, कविता दिलीप चित्र्यांची. बरोबरच आहे. पण ते शब्द पडद्यावर आल्यावर त्यांच्यामागे किती शांतता ठेवायची, हे निर्णय संकलनाच्या खोलीत झाले. कागदावरच्या ओळीला तिथे वजन आलं. त्या खोलीचा उल्लेख नसलेला इतिहास आपण पुरा मानत राहिलो, तर सलुजांचंच नव्हे, या सगळ्या कामाचं श्रेय आपल्या हातून निसटतं.

पुढच्या वेळी ‘अर्धसत्य’ लावाल तेव्हा ती पाटी येईपर्यंत शेजाऱ्याशी बोलायचं थांबा, एवढंच.