मरोळ आणि चार प्रश्नचिन्हं

फोनवरून फाइल पाठवायची असली की आपण पेपरक्लिपच्या चिन्हावर टॅप करतो, एक यादी उघडते, तिच्यातून फाइल निवडतो. ॲप ईमेलचं असो की नोकरीच्या अर्जाचं, यादी बहुतेक वेळा सारखीच दिसते. कारण ती त्या ॲपची नसतेच. ॲप अँड्रॉइडला एवढंच सांगतं की यांच्याकडून एक फाइल निवडून घे. बाकीचं काम अँड्रॉइड करतं. ही सोय आजच्या रूपात २०१३ साली, अँड्रॉइड ४.४ मध्ये आली. कल्पना मात्र खूप जुनी आहे. ॲपलच्या मॅकिंटॉशवर ती १९८४ पासून होती आणि विंडोजमध्ये एप्रिल १९९२ मध्ये आली.

त्याआधी विंडोजवर प्रत्येक प्रोग्रामरला ‘ओपन’ आणि ‘सेव्ह’ची खिडकी स्वतः बनवावी लागे. त्यामुळे एका प्रोग्राममध्ये फोल्डरची यादी डावीकडे, दुसऱ्यात उजवीकडे. विंडोज ३.१ बरोबर ‘कॉमडीएलजी.डीएलएल’ नावाची एक फाइल आली. फाइल उघडणं, सेव्ह करणं, रंग निवडणं, फॉन्ट निवडणं, प्रिंट देणं, शब्द शोधणं, अशा सगळ्या डायलॉग बॉक्सचा कोड तिच्यात एकदाच लिहिलेला होता. कुठल्याही प्रोग्रामने तिला हाक मारायची आणि काम करून घ्यायचं. पुढे ३२ बिटचं विंडोज आल्यावर तिचं नाव ‘कॉमडीएलजी३२.डीएलएल’ झालं, आणि आजच्या विंडोजमध्येही ती याच नावाने आहे.

डीएलएल म्हणजे चाळीतला सामायिक नळ. प्रत्येक घराने वेगळी पाइपलाइन टाकायची गरज नाही. पण एका बिऱ्हाडाने नळाची तोटी बदलली की सगळ्यांचं पाणी अडतं. नव्वदच्या दशकात तेच व्हायचं. नवा प्रोग्राम इन्स्टॉल करताना तो स्वतःबरोबर आणलेली जुनी डीएलएल नव्या डीएलएलवर टाकायचा, आणि काल नीट चालणारा दुसराच प्रोग्राम आज बंद पडायचा. हा त्रास इतका वाढला की विंडोज २००० मध्ये महत्त्वाच्या सिस्टिम फाइलींवर पहारा बसवावा लागला.

पण मराठीची अडचण वेगळी होती, आणि मला ती जास्त महत्त्वाची वाटते.

मी मरोळमध्ये नोकरी करतो. इथून जवळच सीप्झ आहे. १९७३ साली इलेक्ट्रॉनिक वस्तूंच्या निर्यातीसाठी उभी राहिलेली ही वसाहत पुढे सॉफ्टवेअर निर्यातीच्या सुरुवातीच्या ठिकाणांपैकी एक झाली. तिच्या कुंपणाच्या आत परदेशी ग्राहकांसाठी कोड लिहिला जात होता. बाहेर, मुंबईभरच्या डीटीपीच्या दुकानांत, त्याच विंडोजवर लग्नपत्रिका आणि अहवाल मराठीत जुळवले जात होते. श्रीलिपी, आकृती यांसारख्या सॉफ्टवेअरचे फॉन्ट तेव्हा इंग्रजी अक्षरांच्या जागी मराठी अक्षरांचे आकार बसवत. पानावर मराठी छान दिसे. पण ‘सेव्ह’ची खिडकी त्या फॉन्टची नव्हती, ती सामायिक डीएलएलची होती. तिथे तेच नाव टाइप केलं की अर्थहीन इंग्रजी अक्षरं दिसत. म्हणून पत्रिका मराठीत, पण फाइलचं नाव रोमन लिपीत, अशी सवय पडली.

यामागे एक तांत्रिक निर्णय आहे. ३२ बिटच्या त्या डीएलएलमध्ये फाइल उघडून देणारं फंक्शन दोन रूपांत मिळतं. एकाच्या नावाशेवटी ‘ए’, दुसऱ्याच्या शेवटी ‘डब्ल्यू’. ‘डब्ल्यू’ युनिकोड वापरतो, म्हणजे त्याला जगातल्या सगळ्या लिप्या चालतात. ‘ए’ कोड पेज वापरतो. कोड पेज म्हणजे अक्षरांचा ठरावीक तक्ता. पश्चिम युरोपसाठी १२५२ क्रमांकाचा, रशियनसाठी १२५१, थाईसाठी ८७४, जपानीसाठी ९३२. विंडोज ९५ आणि ९८ चा कारभार मुख्यतः ‘ए’वर चालत असल्याने बहुतेक प्रोग्रामर तेच रूप वापरत.

मराठीला असा तक्ता कधीच मिळाला नाही. भारताकडे १९९१ पासून इस्की हे प्रमाण होतं, पण विंडोजने त्याला सिस्टिमचं कोड पेज केलं नाही. विंडोज २००० मध्ये मराठी, हिंदी, कोंकणी, तमिळ आल्या त्या फक्त युनिकोडमधून. आर्मेनियन आणि जॉर्जियन भाषांचंही तसंच झालं. उशिरा आलेल्यांना थेट नव्या इमारतीत घर मिळालं, पण गावातली निम्मी दुकानं अजून जुन्या इमारतीत होती.

याचा परिणाम समजायला ‘मरोळ’ हेच नाव घेऊ. डोळ्यांना अक्षरं तीन दिसतात, कॉम्प्युटरसाठी ती चार: म, र, ओकाराची मात्रा आणि ळ. हे नाव ‘ए’च्या वाटेने गेलं की तक्त्यात नसलेल्या प्रत्येक अक्षराच्या जागी प्रश्नचिन्ह येतं. मरोळचं होतं ‘????’. त्यात विंडोजमध्ये फाइलच्या नावात प्रश्नचिन्ह चालतच नाही. म्हणजे प्रोग्राम अशी फाइल शोधत बसतो, जी असूच शकत नाही. बिलिंग आणि पगारपत्रकाचे कितीतरी छोटे प्रोग्राम व्हिज्युअल बेसिक ६ मध्ये लिहिलेले होते. त्याचा डायलॉग बॉक्सचा भाग ‘ए’च्याच वळणाचा. असे प्रोग्राम अजून चालू आहेत. आमच्याकडे एका ग्राहकाचा असाच प्रोग्राम आला, तेव्हा त्याच्याबरोबर एक छापील सूचना होती: फाइलला मराठी नाव देऊ नये.

२००७ साली व्हिस्टाबरोबर फाइल निवडण्याची नवी पद्धत आली, ती फक्त युनिकोडची. आणि मे २०१९ च्या विंडोज १० अपडेटपासून प्रोग्रामला जाहीर करता येतं की माझं कोड पेज यूटीएफ-८ आहे. त्यात ‘मरोळ’ बारा बाइटमध्ये नीट मावतं. म्हणजे ‘ए’च्या दारातून मराठीला रीतसर प्रवेश मिळायला २०१९ उजाडावं लागलं.

आज फोनवर फाइलला मराठी नाव द्यायला काहीच आडकाठी नाही. तरी मराठी कविता, मराठी अर्ज, मराठी निबंध आपण बहुतेक रोमन लिपीतल्याच नावाने ठेवतो. पुढच्या वेळी नाव विचारणारी खिडकी उघडली की देवनागरीत लिहून बघा. आता ती प्रश्नचिन्हं परत पाठवणार नाही.