स्टेपमॅनिया : एका विनामूल्य तालक्रीडेचा आणि तिच्या स्पर्धकवर्गाचा इतिहास

संगणकीय खेळांचा इतिहास बहुधा उत्पादक कंपन्यांच्या अंगाने लिहिला जातो. खेळणारा त्यात केवळ ग्राहक म्हणून येतो. 'स्टेपमॅनिया' या विनामूल्य तालक्रीडेचा इतिहास या मांडणीत बसत नाही. तो मुख्यतः खेळाडूंनी घडविला, आणि म्हणूनच मालकीचा प्रश्न त्यात वारंवार उपस्थित झाला.

१९९८ साली जपानमधील कोनामी कंपनीने 'डान्स डान्स रेव्होल्यूशन' हे नाणे टाकून खेळावयाचे यंत्र आणले. पडद्यावरील बाण ठरावीक जागी पोहोचताच पायाखालील चार फळ्यांपैकी योग्य फळीवर पाऊल टाकावयाचे, एवढाच त्याचा नियम. गाणी आणि पदन्यास मात्र कंपनी देईल तेच. २००१ मध्ये अमेरिकेतील ख्रिस डॅनफर्ड यांनी सुरू केलेल्या स्टेपमॅनियाने हे बंधन सैल केले. तीत पदन्यास साध्या मजकुराच्या स्वरूपात लिहिला जातो. प्रत्येक ओळीत चार अंक. बाण असेल तेथे १, नसेल तेथे ०. तालाच्या रिकाम्या जागाही लिहाव्या लागतात. आपल्याकडील तालाच्या लिपीची सवय असणाऱ्यास ही रीत फारशी परकी वाटू नये. या सोयीमुळे खेळाडू स्वतःच रचनाकार झाला आणि अधिकाधिक कठीण रचनांची चढाओढ सुरू झाली.

या आज्ञावलीला एमआयटी परवाना लाभला. त्यानुसार तिचा व्यापारी वापरही करता येतो आणि त्यातील बदल उघड करण्याची सक्ती नसते. याच आधारावर टेक्सासमधील रॉक्सर गेम्सने २००४ मध्ये 'इन द ग्रूव्ह' हे यंत्र काढले. स्टेपमॅनियाच्या काही प्रमुख विकासकांचा त्याच्या निर्मितीत सहभाग होता. मात्र हा खेळ कोनामीच्याच जुन्या यंत्रांत बसविण्याच्या संचरूपानेही विकला गेला. मे २००५ मध्ये कोनामीने एकस्व व व्यापारचिन्ह यांच्या भंगाचा दावा दाखल केला. ऑक्टोबर २००६ मध्ये तडजोड होऊन 'इन द ग्रूव्ह'चे हक्क कोनामीकडे गेले आणि मालिका तेथेच थांबली.

स्पर्धा मात्र थांबल्या नाहीत. 'इन द ग्रूव्ह'ची गुणदानपद्धती स्टेपमॅनियावर चालू राहिली. तीत सर्वोच्च गुणासाठी पाऊल नेमक्या क्षणाच्या सुमारे २३ मिलिसेकंद अलीकडे वा पलीकडे पडावे लागते. एवढा काटेकोरपणा कोणत्याही उत्पादकाने विक्रीसाठी टिकवून ठेवला असता असे वाटत नाही. तो खेळाडूंच्या आग्रहामुळेच टिकला. पुढे केवळ कळफलकावर खेळणाऱ्यांसाठी याच आज्ञावलीतून 'एटर्ना' ही स्वतंत्र शाखा निघाली.

तथापि, परवाना आज्ञावलीचा आहे, गाण्यांचा नाही. खेळाडूंनी परस्परांत वाटलेल्या रचनासंचांतील पुष्कळशी गीते इतरांच्या स्वामित्वहक्काखालील आहेत, आणि त्यांना तो परवाना लागू होत नाही.