स्वमग्नतेच्या इतिहासांत आईबापांचें स्थान

आमच्या नागपुरांतील प्रताप नगरांत एक गृहस्थ आपल्या मुलाला घेऊन रोज सायंकाळीं एकाच रस्त्यानें फिरावयास जातात. वाट बदलली कीं मुलगा कासावीस होतो, कान झांकून खालीं बसतो. पाहणारे म्हणतात, “लाडानें बिघडविला आहे!” हें दूषण नवें नाहीं. त्याला इतिहास आहे, आणि तो प्रत्येक सुशिक्षित कुटुंबानें जाणून घ्यावा असा आहे.

स्वमग्नतेची आजची ओळख मुख्यतः बाल्टिमोरचे डॉ. लिओ कॅनर यांच्या १९४३ सालच्या निबंधापासून सुरू होते. त्यांत ११ मुलांची हकीकत आहे. पैकीं पहिला डोनाल्ड ट्रिपलेट. आईबापांनीं त्याला एका संस्थेंत ठेविलें होतें. पण तेथून त्यांनीं त्याला परत घरीं आणिलें. वडिलांनीं त्याच्या वागण्याचें ३३ पानांचें टिपण डॉक्टरांस पाठविलें. म्हणजे या ज्ञानाच्या मुळाशीं एका बापाचें निरीक्षण आहे.

असें असतां पुढें आरोपी ठरले ते आईबापच. कॅनर यांनीं त्यांच्या थंडपणाकडे बोट दाखविलें. ब्रूनो बेटलहाइम यांनीं तर सारा दोष मातेच्या माथीं मारला. या मताचें खंडन १९६४ सालीं बर्नार्ड रिमलंड यांनीं केलें. ते मानसशास्त्रज्ञ होते, आणि एका स्वमग्न मुलाचे वडीलही होते. १९७७ सालच्या जुळ्या भावंडांच्या अभ्यासानें आनुवंशिकतेचा वाटा दाखवून दिला.

आपल्याकडेही वाट काढली ती घरानेंच. मुंबईंत १९४४ सालीं जय व होरमसजी वकील या दांपत्यानें आपल्या मुलीकरितां शाळा काढली. तिची अवस्था ‘डाऊन’ प्रकारची होती, स्वमग्नता नव्हे. परंतु जेथें शाळा नव्हती तेथें आईबापांनीं ती उभी केली, हें महत्त्वाचें. कायदा मागाहून आला. १९९५ च्या अपंगविषयक कायद्यांत स्वमग्नतेचें नांव नव्हतें; १९९९ च्या राष्ट्रीय न्यास कायद्यांत तें आलें, आणि २०१६ सालीं २१ प्रकारच्या अपंगत्वांत तिची गणना झाली.

आईबापांनीं आपलें काम केलें, तरी “आमच्यामागें याचें कसें होणार?” हा प्रश्न त्यांना रात्रीं झोपूं देत नाहीं. त्याचें उत्तर कायद्यापेक्षां शेजाराजवळ अधिक आहे. डोनाल्डनें गांवच्या बँकेंत नोकरी केली, तो एकट्यानें प्रवास करूं लागला, आणि आईबाप निवर्तल्यावरही आपल्याच गांवीं मानानें राहिला. २०२३ सालीं, ८९ व्या वर्षीं, तो वारला. गांवानें त्याला आपला म्हटलें होतें. प्रताप नगरांतील त्या मुलालाही उद्यां तोच रस्ता एकट्यानें चालावा लागेल. तेव्हां दारांत उभे असलेले आपण काय म्हणूं, हें आजच ठरवावयास हवें.