पुलमाइट

पुलमाइट : बागेतील कडे, गुहा, धबधबे आणि नेच्यांच्या कपारी उभारण्यासाठी वीटरोड्यावर सिमेंटचा गिलावा चढवून घडवलेला कृत्रिम खडक. इंग्लंडमधील हर्टफर्डशर परगण्यातल्या ‘जेम्स पुलम अँड सन’ या पेढीने तो घडवला आणि तिच्याच नावाने तो ओळखला जातो.

या पेढीचे मूळ गिलाव्याच्या कामात आहे. पहिले जेम्स पुलम (१७९३–१८३८) सफकमधील वुडब्रिज येथे विल्यम लॉकवुड या बांधकाम व्यावसायिकाकडे काम करीत. सिमेंटला दगडाचे रूप देण्याची कला घराण्यात तेथूनच आली. त्यांचा मुलगा दुसरा जेम्स (१८२०–१८९८) याने ती कला इमारतींवरून बागेत नेली. हर्टफर्डशरमधील ब्रॉक्सबर्न येथील पेढीच्या कारखान्यात कुंड्या, कारंजी व कठडेही बनत. पण पेढीचे नाव झाले ते खडकांमुळे. व्हिक्टोरिया राणीच्या काळात नेचे आणि डोंगराळ वनस्पती जमवण्याचे वेड घरोघरी पसरले होते. त्यांना कपारी हव्यात, आणि लंडनच्या परिसरात तर पायाखाली चिकणमाती. दूरच्या खाणीतून मोठाले धोंडे आणवणे खर्चाचे होते. पोर्टलंड सिमेंटमुळे ही अडचण सुटली.

घडवण्याची रीत साधी, पण कौशल्याची होती. आधी खंगर विटा, रोडा, भट्टीतला खंगर असा जो टाकाऊ माल हाती येई त्याचा ओबडधोबड गाभा रचत. त्यावर सिमेंट-वाळूचा गिलावा चढवून तो ओला असतानाच थर, भेगा, झिजलेल्या कडा उठवीत आणि जो दगड दाखवायचा त्याचा रंग साधीत. खरी मेहनत इथे होती. वालुकाश्माचे थर एका दिशेने कलतात, सांधे ठरावीक रीतीने फुटतात, मऊ थर आत झिजतो आणि कठीण थर बाहेर डोकावतो. हे ज्याने प्रत्यक्ष कड्यावर पाहिले आहे त्यालाच ते थापीने उतरवता येते. रोपांसाठी मातीचे कप्पे आधीच राखून ठेवत. त्यामुळे काही वर्षांत शेवाळ आणि नेचे पसरून जोड दिसेनासे होत. जेथे खरा दगड मिळे तेथे तो वापरण्यासही पेढीची ना नव्हती. अनेक ठिकाणी दोन्ही शेजारी शेजारी आहेत. मिश्रणाचे नेमके प्रमाण मात्र घराण्याने स्वतःपाशीच ठेवले.

ग्लॉस्टरशरमधील हायनम कोर्ट येथे टॉमस गॅम्बिअर पॅरी यांच्यासाठी १८४७ पासून केलेले काम हे आज टिकून असलेल्या सर्वांत जुन्या कामांपैकी एक. लंडनच्या बॅटरसी पार्कमधील तळ्याकाठचे खडक सर्वसामान्यांसाठी खुल्या असलेल्या बागेतले. सँड्रिंगहॅम या राजघराण्याच्या वाड्यात आणि फर्डिनंड द रोथशिल्ड यांच्या वॉड्सडन या वाड्यातही पेढीने काम केले. वेल्समधील ड्यूस्टो येथे हेन्री ओकली यांनी तर भुयारी गुहा आणि नेचेघरेच करवून घेतली. पुढे ती भरावाखाली गाडली गेली आणि २००० मध्ये पुन्हा उकरून काढण्यात आली. रॅम्सगेट व फोकस्टन या समुद्रकाठच्या गावांनी उतारावरचे रस्ते आणि पायवाटा सजवण्यासाठी हाच खडक निवडला. फोकस्टनची नागमोडी वाट १९२० च्या दशकातली, म्हणजे या कामाच्या उतरत्या काळातली.

दुसऱ्या महायुद्धाच्या सुमारास पेढी बंद पडली. ब्रॉक्सबर्नच्या कारखान्यातली एक भट्टी आणि माती मळण्याचे घोड्याने ओढायचे चाक तेवढे रेल्वे स्थानकाजवळ उरले आहे.

या खडकाचे यशच त्याच्या मुळावर आले. नक्कल इतकी हुबेहूब की ती माणसाने घडवली आहे हेच लक्षात येत नाही, आणि मग नवी बाग आखताना ती सहज फोडली जाते. पाणी भेगेतून गाभ्यात शिरले की थंडीत ते गोठून गिलावा सुटतो. झाडांची मुळेही तो उचकटतात. इंग्लिश हेरिटेज या संस्थेने २००८ मध्ये त्याच्या जतनावर आणि दुरुस्तीवर मार्गदर्शिका काढली. दुरुस्ती करताना आधी मूळ गिलाव्याचा नमुना तपासून त्याच्या रंगाचे, पोताचे मिश्रण जुळवावे लागते. वरून सरसकट राखाडी सिमेंट थापले, तर थर आणि भेगा बुजतात आणि खडकाचे नुसते ढेकूळ होते.