तळें राखील तो पाणी चाखील

कुरखेडा हें गांव सती नदीच्या कांठीं वसलें आहे. १९८२ सालीं चांद्याच्या जुन्या जिल्ह्याचे दोन भाग होऊन गडचिरोली जिल्हा निराळा झाला, आणि हा मुलूख त्या नव्या जिल्ह्याच्या उत्तर भागांत आला. बाहेरच्या माणसास या प्रदेशाचें जें चित्र ठाऊक असतें तें अरण्याचें. साग, ऐन, मोह, तेंदू आणि बांबू यांची येथें इतकी दाटी कीं, वैनगंगेच्या आसपासच्या या साऱ्या टापूस झाडीपट्टी असेंच नांव पडलें. परंतु या झाडीच्या पोटांत आणखी एक सृष्टि आहे, ती पाण्याची. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली या चार जिल्ह्यांत मिळून साडेसहा हजारांहून अधिक जुने मालगुजारी तलाव आहेत. यांतील एकहि तळें निसर्गानें आयतें दिलेलें नाहीं. प्रत्येकाची माती माणसाच्या डोक्यावरून वाहिली गेली आहे.

कुरखेड्याहून सकाळीं निघून उत्तरेची वाट धरली म्हणजे प्रथम गाढवी नदीवरील इटियाडोहाचें धरण लागतें. तें अलीकडचें, १९७० च्या सुमारास पुरें झालेलें. त्याच्याहि पुढें, गोंदिया जिल्ह्याच्या अर्जुनी मोरगांव तालुक्यांत, नवेगांवबांध आहे, आणि या सर्व तळ्यांचें वडीलपण त्याच्याकडे जातें. सुमारें अकरा चौरस किलोमीटर विस्ताराचें हें पाणी बांधावर उभें राहून सबंध दिसत नाहीं. डोंगराच्या सोंडा पाण्यांत उतरल्या आहेत व त्यांच्या आड तळें वळून जातें. म्हणून तें पहावयाचें तर नावेंतून पहावें, आणि बरोबर ढिवर जातीचा नावाडी असावा. कोठें खोल, कोठें उथळ, कोणत्या कोपऱ्यांत कमळें दाटतात आणि कोणत्या महिन्यांत मासा कोणत्या अंगास सरकतो, हें त्याला पिढीजात ठाऊक असतें. पूर्वीं या भागांत एकाच झाडाच्या बुंध्याचें पोट कोरून केलेला डोंगा चाले. तो घडविणें हीच एक कला होती, कारण लांकडाची भिंत किती जाड ठेवावी याचा अंदाज चुकला तर डोंगा एकतर फुटे, नाहींतर कलंडे.

पाण्याच्या मध्यभागीं मालडोंगरी नांवाचें लहानसें बेट आहे. हिंवाळ्यांत दूरदेशचे पाणपक्षी या तळ्यावर उतरतात, आणि त्यांचा मुक्काम या बेटाच्या आसपास असतो. वनाधिकारी व लेखक मारुति चितमपल्ली यांनीं ‘नवेगावबांधचे दिवस’ या पुस्तकानें हें तळें मराठी वाचकांच्या घरीं पोंचविलें. १९७५ सालीं भोंवतालच्या अरण्यास राष्ट्रीय उद्यानाचा दर्जा मिळाला. पक्षी पाहून परतणारा प्रवासी बहुधा एवढ्यावरच संतुष्ट होतो. परंतु नावाड्यास विचारलें तर तो भोंवतालच्या शिखरांकडे बोट दाखवितो आणि एका माणसाचें नांव सांगतो.

तें नांव कोलू पाटील कोहळी याचें. अठराव्या शतकाच्या आरंभीं त्यानें डोंगरांमधील खिंडी मातीच्या बांधानें बुजवून हें पाणी अडविलें, अशी परंपरा आहे. लोकांनीं त्याचा देव केला. कोलासुर या नांवानें एका शिखरावर त्याचें ठाणें आहे. भोंवतालच्या शिखरांना सातबहिणी म्हणतात, आणि बांध पुरा करण्याच्या कामीं या बहिणींनीं कोलूस हात दिला अशी श्रद्धा आहे. राजांचे, संतांचे व शूरांचे देव झाल्याचीं उदाहरणें पुष्कळ सांपडतील. तळें बांधणाऱ्या पाटलाचा देव व्हावा, ही गोष्ट मात्र ज्या प्रदेशांत भाताचें पीक पावसाच्या एका खंडानें बुडतें त्या प्रदेशांतच घडूं शकते.

कोहळी या मुलखांत कसे आले याविषयीं सांगतात कीं, चांद्याचा एक गोंड राजा काशीयात्रेस गेला असतां त्यानें या लोकांचें पाणी अडविण्याचें कसब पाहिलें व त्यांना आपल्या राज्यांत आणून वसविलें. दंतकथा सोडली तरी तिच्या मागची राजनीति खरी आहे. गोंड राजांनीं असा शिरस्ता घातला कीं, जो तळें बांधील त्याला त्या तळ्याच्या पाण्यानें भिजेल तेवढी जमीन इनाम मिळावी. राजाच्या खजिन्यांतून पैसा गेला नाहीं, पण रान मोडलें, भात व ऊंस पिकूं लागला आणि गांवें उभीं राहिलीं. तळें राखील तो पाणी चाखील, ही म्हण आज राखणदाराच्या चोरट्या लाभावर वापरली जाते. त्या काळीं झाडीपट्टींत तीच जमिनीची सनद होती. १७५१ सालीं चांद्याचें राज्य नागपूरकर भोसल्यांकडे गेलें, पुढें इंग्रजांनीं गांवोगांवच्या पाटलांना मालगुजार म्हणून मालकी हक्क दिले. तळीं मात्र तींच राहिलीं.

या पाण्याच्या आधारानें निरनिराळे कारागीर जगत आले. ढिवरांच्या घरीं जाळीं विणलीं जातात व शिंगाड्याची लागवड होते. बुरूड बांबूचीं सुपें, टोपल्या व मासे धरण्याचे सापळे करतो. तळ्याचा गाळ कुंभाराच्या चाकावर चढतो. आणि या सर्वांत नाजूक धंदा कोशाचा. हाहि पुष्कळ ठिकाणीं ढिवरांच्याच हातीं आहे. ऐनाच्या व अर्जुनाच्या झाडांवर कोशाच्या अळ्या सोडतात. महिना दीड महिना मुंग्यांपासून, पक्ष्यांपासून त्यांची रात्रंदिवस राखण करावी लागते. या दिवसांत राखण करणारा सोंवळ्यानें राहतो. तयार झालेले कोश उकळून त्यांचा धागा बायका पूर्वीं मांडीवर वळीत असत. आतां त्यासाठीं यंत्रें आलीं आहेत. या धाग्याचें कापड आरमोरी, नागभीड येथील मागांवर निघतें. करवतकांठी म्हणून प्रसिद्ध असलेलें विदर्भाचें लुगडें याच कोशाच्या घराण्यांतलें. त्याचा कांठ करवतीच्या दांत्यांसारखा दिसावा म्हणून विणकर तीन धोटे चालवितो आणि कांठाचा व अंगाचा धागा प्रत्येक ओळीस एकमेकांत अडकवितो.

पाणी आणि कारागिरी यांची अशी सांगड जगांत अन्यत्रहि आढळते. इटलींतील व्हेनिस शहर उथळ खाऱ्या पाण्यांतील बेटांवर वसलें आहे. तेथें गेलेल्या प्रवाशास वाटाड्या नावेंतून एका दिवसांत मुरानो, बुरानो आणि तोर्चेल्लो हीं तीन बेटें दाखवून आणतो. पहिल्या बेटावर कांच, दुसऱ्यावर लेस आणि तिसऱ्यावर एक प्राचीन देऊळ, असा तो कार्यक्रम असतो. परंतु या तीन बेटांचा इतिहास जरा निरखून पाहिला, तर तो झाडीपट्टीस फार जवळचा वाटूं लागतो.

मुरानोची कांच तेथें कायद्यानें आली. शहरांतील भट्ट्यांमुळें आगी लागतील या भीतीनें १२९१ सालीं व्हेनिसच्या सरकारनें कांचेच्या भट्ट्या मुरानो बेटावर हलविण्याचा हुकूम केला. कारागिरांस मोठा मान मिळाला, पण राज्य सोडून जाण्याची त्यांना मोकळीक राहिली नाहीं. गोंड राजाची सनद आणि व्हेनिसचा हुकूम यांत एवढें साम्य आहे कीं, दोन्हीकडे कसबास राज्यानें जागा नेमून दिली. भेद एवढाच कीं, एकानें कारागिरास जमिनीच्या लोभानें बांधून ठेविलें, दुसऱ्यानें शिक्षेच्या धाकानें.

बुरानो हें कोळ्यांचें बेट. नवरे जाळीं ओढीत, बायका सुईनें लेस विणीत. १७९७ सालीं नेपोलियननें व्हेनिसचें प्रजासत्ताक बुडविलें, सरदारांचें वैभव गेलें आणि लेसची मागणीहि गेली. पुढें एका कडक हिंवाळ्यांत कोळ्यांवर उपासमारीची पाळी आली, तेव्हां १८७२ सालीं तेथें लेसची शाळा उघडण्यांत आली. जुनी विणकाम-पद्धति पुरी जाणणारी एकच म्हातारी तोंवर हयात होती. तिच्या हातून ती विद्या पुन्हां मुलींकडे आली. ती म्हातारी आणखी थोड्या वर्षांपूर्वीं गेली असती तर शाळा काढूनहि उपयोग झाला नसता. मांडीवर धागा वळणारी बाई, डोंगा कोरणारा सुतार यांच्याविषयीं हाच हिशेब लागू आहे.

तोर्चेल्लोची गोष्ट सर्वांत बोधप्रद. सातव्या शतकांत, ६३९ सालीं, तेथील मोठ्या देवळाचा पाया पडला. एके काळीं हजारों माणसांनीं गजबजलेलें हें बेट पुढें नद्यांच्या गाळानें वेढलें गेलें. पाण्याची दलदल झाली, हिंवताप पसरला, लोक निघून गेले आणि रिकाम्या घरांच्या विटा शहरांतील बांधकामास गेल्या. व्हेनिसनें यांतून धडा घेतला. १५०१ सालीं पाण्याची देखरेख करण्यासाठीं खास अधिकारी मंडळ नेमलें गेलें, आणि पुढील दोन शतकांत गाळ आणणाऱ्या मोठ्या नद्यांचीं मुखेंच वळवून बाहेर समुद्राकडे नेण्यांत आलीं. शहराची शोभा लोकांच्या डोळ्यांत भरते, पण तें शहर टिकलें तें गाळाशीं चाललेल्या या अखंड झुंजीमुळें.

आतां झाडीपट्टीकडे वळावें. मध्यप्रदेशच्या १९५० च्या कायद्यानें मालगुजारी रद्द झाली आणि ३१ मार्च १९५१ पासून तळीं सरकारच्या मालकीचीं झालीं. मालगुजारी जाणें न्यायाचेंच होतें. बांध घातला कोहळ्यानें, पण मातीचें टोपलें वाहणाऱ्या गोंडाचें व मजुराचें नांव कोणत्याहि सनदेंत नव्हतें. तळ्यांतील मासे ढिवर धरी तो वहिवाटीनें. परंतु मालगुजाराबरोबर आणखी एक गोष्ट गेली. दर उन्हाळ्यास गाळ कोणी काढावा, बांधावरचीं भगदाडें कोणी बुजवावीं, सांडवा कोणी दुरुस्त करावा, हें ज्या बऱ्यावाईट व्यवस्थेनें ठरत असे ती मोडली. तिच्या जागीं नवी व्यवस्था तितक्या नेटानें उभी राहिली नाहीं. मोठीं तळीं पाटबंधारे खात्याकडे, लहान जिल्हा परिषदेकडे आणि मासेमारीचे ठेके सहकारी संस्थांकडे गेले. पाणी अनेकांचें झालें, गाळ कोणाचाच राहिला नाहीं. कित्येक तळीं उथळ झालीं, त्यांत बेशरमाचें रान माजलें. झपाट्यानें वाढणारे बाहेरचे मासे सोडल्यानें देशी जातींचीहि पीछेहाट झाली.

कोशाच्या धंद्यासहि हीच अडचण भोगावी लागली. ऐनाचें झाड सरकारी राखीव जंगलांत, आणि अळ्या राखणारा माणूस गांवांत. १८७८ च्या व पुढें १९२७ च्या जंगल कायद्यानें त्याचा झाडाशीं असलेला संबंध परवानगीवर अवलंबून राहिला. तोर्चेल्लोस गाळानें एकदां वेढलें. येथें कारागीर गाळाच्या आणि कागदाच्या अशा दुहेरी वेढ्यांत सांपडला.

तथापि हा इतिहास संपलेला नाहीं. २००६ च्या वनहक्क कायद्यानें गांवाच्या सामुदायिक हक्कांत मासे व पाणवठ्यांतील इतर उपज यांचाहि समावेश केला, आणि कुरखेडा तालुक्यांतील अनेक ग्रामसभांनीं आपल्या जंगलावरचे हक्क मिळविले. इकडे अर्जुनी मोरगांवच्या बाजूस ढिवर स्त्रियांनीं कांहीं तळ्यांत उतरून बेशरम उपटला, नांगरलेल्या तळभागांत देशी पाणवनस्पति लावल्या आणि नाहींसे होत चाललेले देशी मासे पुन्हां सोडले. पूर्वीं तळ्याच्या कारभारांत ज्यांना बोलण्याचा अधिकार नव्हता, त्यांनींच हें काम अंगावर घेतलें, ही गोष्ट लक्षांत ठेवण्याजोगी आहे. कोलू पाटलास सातबहिणींनीं मदत केल्याची कथा सांगणाऱ्या मुलखांत हें घडलें.

मालडोंगरीच्या बाजूस नाव वळवून पक्षी पहाणाऱ्या प्रवाशानें नावाड्यास पक्ष्यांचीं नांवें अवश्य विचारावींत. पण त्याबरोबर या भागांतील तळ्यांचा गाळ शेवटचा केव्हां निघाला, मासेमारीचा ठेका कोणाकडे आहे आणि यंदा कोशाची पाळ कोणत्या रानांत लागली आहे, हेंहि विचारावें. परततांना आरमोरीच्या मागावरचें एखादें वस्त्र घेतलें तर त्याची किंमत कशाकशाची आहे, तें या उत्तरांवरून कळेल.