भाडेवाद व पोलीस (महाराष्ट्र)

खाजगी घराचे थकीत भाडे, डिपॉझिट किंवा ताबा यांवरून घरमालक व भाडेकरू यांच्यात होणाऱ्या तंट्यातील पोलिसांचे अधिकार व त्यांच्या मर्यादा. भाडे थकवणे ही दिवाणी बाब आहे. नीतू सिंग खटल्यात (२०२२) सर्वोच्च न्यायालयाने भाडे न दिल्यावरून नोंदवलेला फसवणूक व अपहाराचा गुन्हा रद्द केला. भाडे वसूल करणे किंवा घर रिकामे करून देणे हे ठाण्याचे काम नव्हे.

एन.सी. : अशा तक्रारीची बहुधा अदखलपात्र नोंद होते. मालक भाडे मागायला येतो, जिन्यात शब्दाला शब्द लागतो, आणि ठाणे अंमलदार मारहाण, शिवीगाळ व धमकीची कलमे लावतो : पूर्वी ३२३, ५०४, ५०६; १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेची ११५(२), ३५२, ३५१(२). तक्रारदाराला समजपत्र मिळते : ‘न्यायालयात दाद मागावी’. दंडाधिकाऱ्याच्या आदेशाविना पोलिसांना तपास करता येत नाही (भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, कलम १७४). तरीही या कागदाला मोल आहे; पुढे दाव्यात वादाची तारीख सांगणारा तोच एक कागद हाती असतो. दोघांना बोलावून ‘समज’ देण्याची प्रथा सर्वत्र आहे. तिला कायद्याचा आधार कितपत, याबाबत मतभेद आहेत.

पोलिसांकडे द्यावयाची भाडेकरूची माहिती हा सुरक्षेचा विषय असून तिचा भाड्याशी संबंध नाही. दोन्हींची गल्लत फार होते.

कुलूप व वीज-पाणी : भाडे थकले म्हणून मालकाने कुलूप बदलणे बेकायदेशीर आहे. बेदखल झालेल्याला विशिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या कलम ६ खाली सहा महिन्यांत दावा लावता येतो. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ (अंमल ३१ मार्च २०००) याचे कलम २९ पाणी, वीज, जिन्यातील दिवे, लिफ्ट व सफाई तोडण्यास मनाई करते. शिक्षा तीन महिन्यांपर्यंत कैद, दंड किंवा दोन्ही. प्रत्यक्षात मालक मीटरच्या पेटीतला फ्यूज काढून नेतो आणि ‘वायर जळाली’ म्हणतो. पुरावा भाडेकरूनेच गोळा करायचा.

थकबाकी : भाडे नियंत्रण अधिनियमाच्या कलम १५ नुसार मालकाने लेखी नोटीस देऊन ९० दिवस थांबावे लागते. दावा झाल्यावरही समन्स मिळाल्यापासून ९० दिवसांत भाडेकरूने थकबाकी १५ टक्के सरळ व्याजासह व दाव्याच्या खर्चासह भरल्यास बेदखली टळते. लिव्ह अँड लायसन्सवाल्याला हे संरक्षण नाही. त्याची मुदत संपल्यावर मालक कलम २४ खाली सक्षम प्राधिकाऱ्याकडे जातो आणि दुप्पट शुल्क मागतो. करार नोंदवून घेण्याची जबाबदारी मालकाची (कलम ५५).



अंमलबजावणी : मुंबईत हे दावे धोबी तलावच्या लघुवाद न्यायालयात चालतात. हुकूमनाम्यानंतर ताबा बेलिफ घेतो. कुलूप तोडणे व पंचनामा करणे हे त्याचेच काम. विरोधाची शक्यता असल्यास न्यायालयाच्या आदेशाने पोलीस बंदोबस्त मिळतो. त्याचे शुल्क ताबा मागणाऱ्याला भरावे लागते.